उलटा फिरणारा पंखा



गेल्या मे महिन्यात चार दिवस धुळ्याला आपाकडे राहायला गेले होते. जळगाव काय नि धुळं काय, मे महिन्याची दुपार दोन्हीकडे सारखीच. दारं-खिडक्या लावून घ्यायच्या, ओल्या चादरी टांगायच्या आणि असरपर्यंत पडून राहायचं. त्या दुपारी घरात मोबाइलवरून वाद झाला. दुल्हाभाई जेवायला घरी आले, तर दहावीत जाणारी मुलगी जमिनीवर उताणी पडून मोबाइल छताकडे धरून बसलेली. त्यांनी काही न विचारता मोबाइल काढून घेतला आणि कपाटात ठेवून दिला. "दिवसभर रील्स. वर म्हणे सायन्स घ्यायचंय!" एवढंच बोलले. मुलगी रडली नाही. माझ्याजवळ येऊन हळूच म्हणाली, "खाला, मी रील्स बघत नव्हते. पंखा उलटा फिरतोय मोबाइलमध्ये. तुम्ही स्वतः बघा."

संध्याकाळी आपाने कपाट उघडून दिलं आणि मी बघितलं. खरंच, छताचा पंखा नेहमीसारखाच फिरत होता, पण तिने काढलेल्या व्हिडिओत तो सावकाश उलट्या दिशेने जात होता. शिवाय पाती सरळ दिसतच नव्हती, केळीसारखी वाकलेली दिसत होती. आम्ही जळगावची माणसं, आम्हाला सगळीकडे केळीच दिसतात. पण ही खरोखर वाकडी होती.

हे का होतं, ते आधी सांगते, कारण पुढची सगळी हकीकत यातूनच निघाली. मोबाइल "व्हिडिओ" म्हणून काही वेगळं काढत नाही. तो भराभर फोटो काढतो, साधारणपणे सेकंदाला ३०. पंख्याला तीन पाती, म्हणजे दोन पात्यांमध्ये १२० अंशांचं अंतर. आता पंखा मिनिटाला ३५० फेरे घेतो असं धरा. हिशेब केला तर एका फोटोपासून पुढच्या फोटोपर्यंत प्रत्येक पातं ७० अंश पुढे सरकतं. पण तिन्ही पाती दिसायला सारखी, त्यांच्यावर नावं थोडीच लिहिलेली असतात! पुढच्या फोटोत मागचं पातं अशा जागी येतं की आधीच्या फोटोतल्या पात्यापेक्षा ते फक्त ५० अंश मागे असतं. डोळा जवळचं नातं जोडतो. ७० अंश पुढे गेलं असं मानण्याऐवजी ५० अंश मागे आलं असं मानतो. झाला पंखा उलटा. रेग्युलेटर एक-एक घर फिरवत गेलं की कधी तो उलटा जातो, कधी जागच्या जागी थरथरतो. वाकड्या पात्यांचं कारण वेगळं. मोबाइल पूर्ण फोटो एका क्षणात घेत नाही, एका कडेपासून दुसऱ्या कडेपर्यंत ओळ-ओळ वाचत जातो, आणि तेवढ्या वेळात पातं पुढे सरकलेलं असतं.

हे सगळं त्या मुलीला ठाऊक नव्हतं. पण जे दिसतंय ते चूक आहे, आणि चूक डोळ्यांची की मोबाइलची हे शोधायला हवं, एवढं तिला कळलं होतं. माझ्या मते सायन्स घेण्यासाठी तेवढी लायकी पुरे. पण हे मी दुल्हाभाईंना लगेच सांगितलं नाही. साळीने दुसऱ्याच दिवशी शहाणपण शिकवू नये.

दुल्हाभाईंचं म्हणणं काय, तेही ऐकायला हवं. त्यांचं मोटार वाइंडिंगचं दुकान आहे. शेतातल्या विहिरींवरच्या मोटारी जळाल्या की त्यांच्याकडे येतात. स्वतः सातवीपर्यंत शिकलेले. पोरीला शिकवायचं नाही असं त्यांच्या मनात मुळीच नाही, पण अकरावी सायन्स म्हणजे क्लास, प्रॅक्टिकल, जाणं-येणं आणि खर्च. एका ओळखीच्या मास्तरांनी त्यांना सांगितलेलं, "मुलीला आर्ट्सला टाका, झेपेल." मुलीच्या शाळेत प्रयोगशाळेचं कपाट आहे, पण नववीच्या अख्ख्या वर्षात ते तिच्यासमोर दोनदाच उघडलं. शाळेचं नाव सांगत नाही. तुमच्या गावातही तशी एक असेलच. तर ज्या मुलीने कधी हाताने प्रयोगच केला नाही, तिला सायन्स झेपेल की नाही, हे ती सांगणार कशी आणि बाप ओळखणार कसा?

दुसऱ्या दिवशी मी माझ्या मोबाइलवर तिला अरविंद गुप्तांच्या छोट्या फिल्म दाखवल्या. आपल्या वाचकांपैकी शिक्षक मंडळींना हे नाव माहीत असेल. बाकीच्यांसाठी थोडं सांगते. गुप्ता आयआयटी कानपूरचे इंजिनियर, १९७५ साली बाहेर पडले आणि पुण्याला टेल्कोत, ट्रक बनवणाऱ्या कारखान्यात लागले. १९७८ मध्ये वर्षभराची रजा घेऊन ते मध्य प्रदेशात होशंगाबाद जिल्ह्यात गेले. तिथे १९७२ पासून खेड्यातल्या शाळांमध्ये प्रयोगांतून विज्ञान शिकवण्याचा कार्यक्रम चालू होता. काचेची उपकरणं, महागडं सामान परवडणारं नव्हतंच. गुप्ता आठवडी बाजारात फिरले. तिथे त्यांना सायकलच्या वॉल्व्हची बारीक रबरी नळी सापडली. तिचे तुकडे करून त्यात काडेपेटीच्या काड्या खोचल्या की त्रिकोण होतो, चौकोन होतो, घर होतं. त्रिकोण दाबला तरी हलत नाही, चौकोन लगेच तिरका होतो. पुलाला आणि विजेच्या टॉवरला जागोजागी त्रिकोण का असतात, ते पोराला बोटाने कळतं.

पुढे पुण्यात आयुका या संस्थेच्या आवारात मुलांसाठी मुक्तांगण विज्ञान शोधिका उभी राहिली, तिला पु. ल. देशपांडे यांचं नाव आहे. आयुका म्हणजे जयंत नारळीकरांनी उभी केलेली खगोलशास्त्राची संस्था. एकीकडे आकाशगंगांचा अभ्यास आणि त्याच आवारात जुन्या पेनाच्या टोपणापासून, झिजलेल्या चपलेच्या रबरापासून, प्लास्टिकच्या बाटलीपासून खेळणी. गुप्तांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी तिथे सुमारे अकरा वर्षं काम केलं आणि या खेळण्यांच्या शेकडो छोट्या फिल्म काढल्या. बहुतेक एक-दोन मिनिटांच्या. त्या मराठी-हिंदीसह अनेक भाषांत आहेत, फुकट बघता येतात, उतरवूनही घेता येतात. २०१८ साली त्यांना पद्मश्री मिळाली.

या फिल्मांत नट नाही, सेट नाही. एक टेबल आणि दोन हात. हात एक वस्तू उचलतात, कापतात, जोडतात, आणि शेवटी ती चालते. कापताना सांगितलं जातं, चालताना दाखवलं जातं, आणि संपलं. मला यातली सगळ्यात आवडणारी शीतपेयाच्या स्ट्रॉची पिपाणी. स्ट्रॉचं टोक दातांनी चपटं करायचं, दोन्ही बाजूंनी तिरकं कापून टोकदार करायचं आणि ओठांत धरून फुंकायचं. पें करून आवाज येतो. आता वाजवता-वाजवताच कात्रीने दुसरं टोक कापत जायचं. नळी जितकी आखूड, आवाज तितका बारीक. आपाकडच्या धाकट्याने हे इतक्यांदा केलं की शेजारच्या खालांनी भिंतीवर थाप मारली.

मुलीने मात्र मोटार निवडली. निवडली म्हणजे बापाचाच धंदा निवडला. मुद्दाम की सहज, अल्लाह जाणे. सामान इतकंच: बॅटरीचा एक मोठा सेल, दोन सेफ्टी पिना, सायकलच्या ट्यूबचं कापलेलं रबरी कडं, एक गोल लोहचुंबक आणि मीटरभर इनॅमलची तांब्याची तार. तार दुकानातून आणायची म्हणजे दुल्हाभाईंना विचारणं आलं. तिने विचारलं. त्यांनी विचारलं, "कितीची गेज?" ती म्हणाली, "बावीस." ते जरा थांबून तिच्याकडे बघत राहिले आणि रात्री येताना तार घेऊन आले. इशाच्या नमाजनंतर स्वतःच जमिनीवर मांडी घालून बसले.

सेलच्या दोन टोकांना पिना उभ्या लावल्या, रबरी कड्याने आवळल्या. सेलवर चुंबक ठेवलं, ते आपोआप चिकटलं. तारेचे दहा फेरे सेलवरच गुंडाळून वेटोळं केलं, दोन टोकं दोन बाजूंना काढली. आता टोकांचं इनॅमल खरवडायचं, कारण इनॅमल विजेला अडवतं. दुल्हाभाईंनी ब्लेड घेतलं आणि पंचवीस वर्षांच्या सवयीने दोन्ही टोकं चारही बाजूंनी चकचकीत केली. जोड पक्का बसायचा तर तार पूर्ण साफ हवी, हा त्यांच्या धंद्याचा पहिला नियम. वेटोळं पिनांच्या भोकांत बसवलं, बोटाने टिचकी मारली. ते थोडं हललं, थरथरलं, थांबलं. पुन्हा टिचकी, पुन्हा तेच. सेल बदलला. चुंबक उलटं केलं. काही नाही. दुल्हाभाई म्हणाले, "हे सिनेमावाले आहेत, आतून काहीतरी लावलं असेल."

मुलीने फिल्म मागे नेली, थांबवली, पुन्हा मागे नेली. मग म्हणाली, "अब्बा, आपण जास्त खरवडलं. त्यांनी तीनच बाजू खरवडल्यात. खालची तशीच ठेवलीय."

का, ते बघा. वेटोळ्यातून वीज गेली की ते स्वतः चुंबक होतं आणि सेलवरचं चुंबक त्याला ढकलतं. ते अर्धा फेरा फिरतं. पण अर्ध्या फेऱ्यानंतर त्याची बाजू बदललेली असते, म्हणून तोच धक्का आता त्याला मागे ओढतो. वीज सतत चालू असेल तर पुढे-मागे, पुढे-मागे होऊन ते अडकून बसतं. तारेची एक बाजू इनॅमलसकट ठेवली, तर नको त्या वेळी वीज तुटते आणि वेटोळं आपल्याच वेगाने उरलेला फेरा काढून पुन्हा धक्क्याच्या जागी येतं. झोपाळ्याला धक्का देताना आपण नाही का, तो आपल्याकडे येत असताना हात मागे घेत? दुकानातल्या मोटारींमध्ये हे काम वेगळ्या रीतीने होतं. विहिरीवरच्या मोटारीत तर वीजच सेकंदाला ५० वेळा पुढे-मागे होत असते. म्हणून दुल्हाभाईंना हे कधी करावंच लागलं नव्हतं. त्यांनी नवीन तार कापली, या वेळी ब्लेड मुलीच्या हातात दिलं. टिचकी मारली आणि वेटोळं भिरभिरत सुटलं. किती तरी वेळ कुणी काही बोललं नाही. मग त्यांनी स्वतः कपाटातून मुलीचा मोबाइल काढून दिला. "काढ ह्याची फिल्म."

इथे एक सावधगिरी सांगून ठेवते. हे सगळं फक्त सेलवर करायचं. घरातल्या बोर्डाच्या विजेला हात लावायचा नाही, एकदाही नाही. मोटार थांबलेली असताना सेल जोडून ठेवला तर तार आणि पिना चांगल्याच तापतात, तेव्हा काम झालं की वेटोळं काढून ठेवा. आणि लहान, जोरदार चुंबकं बारक्या पोरांच्या हाती देऊ नका, ती गिळली तर आतड्याला धोका होतो.

मोबाइलवर "विज्ञानाचे प्रयोग" म्हणून जे काही फिरतं, त्यातलं बरंचसं खोटं असतं, हेही सांगायला हवं. चुंबक लावलं आणि पंखा विजेशिवाय कायमचा फिरू लागला, लिंबात वायर खुपसली आणि घरातला बल्ब पेटला, असले. खऱ्या-खोट्याची पारख एकच: घरी करून बघा. गुप्तांची फिल्म आपल्या अंगणात पुन्हा घडते, चुकली तर का चुकली हेही तिच्यातच सापडतं. खोटी फिल्म फक्त बघायची असते. ज्या घरातून मला पत्रं येतात, "मुलं मोबाइल सोडत नाहीत, काय करावं?" त्या अम्मींना माझं इतकंच सांगणं आहे, की मोबाइल बघायला देता तसा कधी तरी काहीतरी काढायलाही द्या. दोन्हींत फार फरक आहे.

काढण्यावरून आठवलं. कॅमेरा आणि आपला "कमरा" हे दोन शब्द सख्खे भाऊ आहेत. दोन्हींचं मूळ लॅटिन, अर्थ खोली. कॅमेऱ्याचं पहिलं रूप खरोखरच एक अंधारी खोली होतं. माझ्या लहानपणी जळगावला नानीच्या घरी वरच्या मजल्यावर लाकडी दार होतं, त्याला एक गाठ निघून पडलेलं भोक. उन्हाळ्यात दुपारी सगळं बंद केलं की त्या भोकातून प्रकाश यायचा आणि समोरच्या भिंतीवर अख्खा रस्ता उलटा दिसायचा. सायकलवाले डोकं खाली, पाय वर. जो बाहेर बाजाराकडे निघालेला असायचा, तो भिंतीवर बाजाराकडून येताना दिसायचा. नानी त्याला "फुकटचा सिनेमा" म्हणायची. आम्हाला तो जिन्नांचा खेळ वाटायचा आणि भीतीने एकटं कुणी वर जायचं नाही.

ज्या माणसाने या अंधाऱ्या खोलीचा नीट अभ्यास केला, ते इब्ने हैसम. साधारण ९६५ साली बसऱ्यात जन्मले, पुढे काहिऱ्यात राहिले, १०४० च्या सुमारास वारले. त्यांचं "किताबुल मनाजिर" हे प्रकाशावरचं पुस्तक लॅटिनमध्ये गेलं आणि युरोपात शतकानुशतकं वाचलं गेलं. त्यांचा एक प्रयोग आपल्या घरात आजही होतो. बाहेर ओळीने दिवे ठेवले, मध्ये भोक, आत अंधार. भिंतीवर प्रत्येक दिव्याचा वेगळा ठिपका पडतो. एक दिवा झाकला की त्याचाच ठिपका जातो, बाकीचे तसेच राहतात. म्हणजे सगळा प्रकाश त्या एकाच बारीक भोकातून जातो, पण एकमेकांत मिसळून गोंधळ होत नाही, प्रत्येक किरण आपापल्या सरळ वाटेने जातो. त्या काळी काही विद्वान मानत, की डोळ्यातून किरण बाहेर जातात आणि वस्तूला स्पर्श करतात, म्हणून दिसतं. इब्ने हैसम म्हणाले, नाही, वस्तूवरून प्रकाश डोळ्यात येतो. यासाठी त्यांनी काय वापरलं? दिवा, भिंत आणि भोक. २०१५ हे प्रकाशाचं आंतरराष्ट्रीय वर्ष होतं, तेव्हा त्यांच्यावर एक छोटी फिल्म निघाली. त्यात ओमर शरीफ आहेत आणि ती त्यांची शेवटची भूमिका ठरली. मुलांना आवडते, पण माझ्या मते तिच्यात जादू-ॲनिमेशन जास्त आणि दिवा-भिंत-भोक कमी. नानीच्या दाराचं भोक जास्त शिकवून गेलं.

सुमारे तीनशे वर्षांनी इराणच्या कमालुद्दीन फारिसींनी त्याच पुस्तकावर पुढे काम केलं. इंद्रधनुष्य कसं होतं, हे बघायला पावसाचा थेंब हातात धरता येत नाही. म्हणून त्यांनी काचेचा मोठा गोळा घेतला, पाण्याने भरला आणि म्हटलं, हाच माझा थेंब. त्यात उजेड सोडला आणि किरण आत शिरताना वाकतो, आतल्या पाठीवरून परततो, बाहेर पडताना पुन्हा वाकतो, हे पाहून घेतलं. आपल्याकडे काचेचा गोळा नसला तरी पाण्याने भरलेला साधा ग्लास खिडकीच्या उन्हात धरा, खाली पांढरा कागद ठेवा. मात्र भोकातून किंवा ग्लासातून थेट सूर्याकडे बघायचं नाही, कागदाकडे बघायचं.

धुळ्याला राहिलेले दोन दिवस मग मुलांनी फिल्मच काढल्या. धाकट्याला मी आबिद सुरतींची गोष्ट सांगितली होती. जुन्या लोकांना "धर्मयुग"मधला ढब्बूजी आठवत असेल, तो यांचाच. चित्रकार, लेखक. १९७२ साली फिल्म्स डिव्हिजनच्या प्रमोद पतींनी त्यांच्यावर "आबिद" नावाची छोटी प्रयोगी फिल्म काढली. पती हे चेकोस्लोव्हाकियात बाहुल्यांच्या फिल्मचं तंत्र शिकून आलेले. त्यांनी जिवंत माणसालाच बाहुलीसारखं वापरलं: थोडं हल, थांब, एक चित्र, पुन्हा थोडं हल, थांब, एक चित्र. पडद्यावर माणूस झटके खात, सरपटत फिरतो आणि खोलीच्या भिंती रंगत जातात. धाकट्याने हेच रमजानमध्ये साठवलेल्या खजुराच्या बियांवर केलं. बर्फात कण ओळीत बसलेले, पाण्यात सैल, वाफेत दूरदूर पळालेले. सेकंदाला १२ फोटो, २० सेकंदांची फिल्म, म्हणजे २४० फोटो हवेत. नव्वदाव्या फोटोला त्याचा धीर सुटला. साडेसात सेकंदांची फिल्म झाली. वाफ झालीच नाही, बर्फाचं कसंबसं पाणी झालं.

आबिद सुरतींची दुसरी ओळख मुलीला जास्त पटली. २००७ पासून मुंबईजवळ मीरा रोडला दर रविवारी ते एक प्लंबर सोबत घेऊन दारोदार जातात आणि गळके नळ फुकट दुरुस्त करून देतात. आपाच्या अंगणातल्या टाकीचा नळ कित्येक महिने टपटपत होता. मुलीने त्याखाली औषधाच्या बाटलीचं मापाचं झाकण ठेवलं, शेजारी भिंतीवरचं घड्याळ उतरवून ठेवलं आणि मोबाइल विटांवर टेकवून दोन्ही एका फ्रेममध्ये घेतले. दहा मिलिलिटर भरायला ३ मिनिटं २० सेकंद लागली. थेंब मोजले तर २००, म्हणजे सेकंदाला एक. तिने फिल्मच्या शेवटी वहीचं पान दाखवलं: तासाला १८० मिलिलिटर, दिवसाला ४ लिटर ३२० मिलिलिटर, महिन्याला सुमारे १३० लिटर. आमच्याकडे पाणी हंड्याने कळतं, म्हणून खाली लिहिलं: पंधरा लिटरचे जवळजवळ नऊ हंडे. नळाला रोज पाणी न येणाऱ्या घरात नऊ हंडे म्हणजे काय, ते तुम्हाला सांगायला नको.

त्याच भरात तिने वुजूचं पाणीही मोजलं. आपाच्या सासूबाई तोटीच्या लोट्याने वुजू करतात, त्यांचा एक लोटाही पूर्ण लागला नाही. धाकटा नळ सोडून बसला, त्याच्याखाली ठेवलेल्या बादलीत पाच लिटरच्या वर पाणी जमलं. सासूबाई हसून म्हणाल्या, "हदीसमध्ये एका मुद्दचं माप आलंय, ते काय उगाच?" मुद्द म्हणजे ओंजळभर, पाऊण लिटरच्या आतच.

लोट्यावरून सांगते, अमेरिकेतले चार्ल्स आणि रे ईम्स हे नवरा-बायको १९५८ साली आपल्या सरकारच्या बोलावण्यावरून भारतात फिरले. त्यांनी जो अहवाल दिला, त्यात इथल्या वस्तूंमध्ये सगळ्यात जास्त कौतुक कशाचं असेल, तर लोट्याचं. हाताला बसणारा, काखेत राहणारा, रिकामा असो की भरलेला, तोल न जाणारा. याच जोडप्याने १९६९ मध्ये भोवऱ्यांवर सात मिनिटांची फिल्म काढली. देशोदेशीचे भोवरे फिरतात, डोलतात, पडतात. एक शब्दही नाही, त्यामुळे भाषेची अडचण नाही. आपाच्या सासूबाईंनी दोनदा बघितली.

आता कुणी म्हणेल, कॅमेऱ्याचं स्टँड नाही, लाइट नाही, आम्ही कुठून फिल्म काढणार? धुळ्याहून आग्रा रोडने पन्नासेक किलोमीटरवर मालेगाव आहे. तिथल्या मागावरच्या माणसांनी "मालेगाव के शोले" काढला, तेव्हा त्यांच्याकडे काय होतं? नासिर शेख व्हिडिओ पार्लर चालवत. कॅमेरा सरकत न्यायचा तर सायकलवर बसायचं आणि दुसऱ्याने ढकलायचं, उंचावर न्यायचा तर बैलगाडीचं धूड उचलायचं. फैजा अहमद खान यांनी यावर माहितीपट काढला, अलीकडे त्यांच्यावर हिंदी सिनेमाही आला. सायकलच्या चाकावर कॅमेरा झटके न खाता का सरकतो, हाही विज्ञानाचाच धडा आहे, फक्त मालेगावला कुणी तो त्या नावाने शिकवला नाही. मुलीने मोबाइल विटांवर टेकवला, उजेडासाठी स्टीलच्या ताटाने ऊन अंगणात वळवलं. पुरलं तेवढं.

निघायच्या दिवशी सकाळी बघते, तर टाकीच्या नळाला नवीन वायसर बसलेला. दुल्हाभाईंनी फजरनंतर बसवला होता, कुणाला न सांगता. सायन्सचं विचारलं, तर म्हणाले, "बघू. दहावीचा निकाल येऊ द्या." हे त्यांचं नेहमीचं उत्तर. आपा म्हणते, हो असतं तेव्हाही ते असंच म्हणतात आणि नाही असतं तेव्हाही. पण मोटारीची ती फिल्म त्यांनी दुकानात येणाऱ्या शेतकऱ्यांना दाखवायला स्वतःच्या मोबाइलमध्ये घेतली आहे, हे मला धाकट्याने सांगितलं.

मुलीची पुढची फिल्म माठावर आहे. घरात दोन माठ आहेत, एक साधा, दुसऱ्याला आपाने हौसेने ऑइल पेंटची नक्षी काढलेली. रंगवलेल्या माठातलं पाणी गारच होत नाही, ही आपाची जुनी तक्रार. पाणी माठाच्या बारीक छिद्रांतून बाहेर झिरपून उडतं आणि उडताना उष्णता घेऊन जातं. दहा लिटरच्या माठातून शंभर मिलिलिटर उडालं, तर बाहेरची उष्णता आत न येता बाकीचं पाणी साडेपाच-सहा अंशांनी थंड व्हावं, असा हिशेब मी तिला करून दिला. ती म्हणाली, बाहेरची उष्णता तर येणारच, मग किती होतं ते मोजावं लागेल. दोन्ही माठ सकाळी आणि संध्याकाळी तोलायचे ठरले आहेत. कोपऱ्यावरच्या भाजीवाल्या चाचांनी काटा द्यायचं कबूल केलंय, पण दुपारी एक ते चारच, दुकान बंद असतं तेव्हा.